अपील गैरहजेरीत काढून टाकलं तर? पक्षकारांचे नेहमीचे प्रश्न

मी जिल्हा न्यायालयात दिवाणी कामं चालवणारा वकील आहे. पिशवीतून घडी घातलेली नक्कल काढून "साहेब, आपण हरलो का?" असं विचारणारं कुणी ना कुणी दर थोड्या दिवसांनी समोर येऊन बसतं. नक्कल उघडली की बहुतेक वेळा मजकूर दोनच ओळींचा असतो : पुकारा केला, अपिलार्थी व त्यांचे वकील गैरहजर, सबब अपील काढून टाकण्यात येते. या दोन ओळींनी घाबरून घरी बसलेली माणसं मी पाहिली आहेत, आणि घरी बसल्यामुळेच त्यांचं खरं नुकसान झालेलं पाहिलं आहे. म्हणून हे प्रश्न एका जागी लिहून काढले.

इथलं सगळं दिवाणी न्यायालयातल्या अपिलांबद्दल आहे. प्रांताधिकारी किंवा जिल्हाधिकाऱ्यांपुढे चालणाऱ्या महसुली अपिलांची वाट वेगळी असते, ती यात धरू नका.

"डिसमिस इन डिफॉल्ट" म्हणजे आम्ही हरलो का?

नाही. तुमचं म्हणणं खरं की खोटं, खालच्या न्यायालयाचा निकाल बरोबर की चूक, हे वरच्या न्यायालयाने तपासलेलंच नसतं. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधल्या आदेश ४१, नियम १७ प्रमाणे, सुनावणीला पुकारा झाल्यावर अपिलार्थी हजर नसेल तर न्यायालय अपील काढून टाकू शकतं. "काढलंच पाहिजे" असं नियम म्हणत नाही. न्यायाधीश पुढची तारीख देऊ शकतात, आणि पहिल्या गैरहजेरीला बरेच जण देतातही.

पण "हरलो नाही ना, मग बघू सावकाश" असं म्हणू नका. अपील निघालं की खालच्या न्यायालयाचा हुकूमनामा, म्हणजे निकालावरून निघालेला अंतिम आदेश, जसाच्या तसा उभा राहतो, आणि अपिलात मिळालेली स्थगिती त्याच्याबरोबर जाते. समोरचा माणूस दुसऱ्या दिवशी दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचं काम, पुढे नेऊ शकतो.

मी स्वतः आलो नाही, वकील हजर होते. तरी अपील निघतं का?

वकीलपत्र दिलेले वकील हजर असतील तर कायद्याच्या नजरेत तुम्ही हजर आहात. अपिलात साधारणपणे साक्षीपुरावा नसतो, खालचे कागद वाचून युक्तिवाद होतो. त्यामुळे मुंबईला किंवा दुबईला असलेल्या माणसाला प्रत्येक तारखेला गावी यायची गरज नाही.

अट एकच. वकील नुसते उभे राहून चालत नाहीत, काम चालवायला उभे राहायला हवेत. ज्युनिअर वकील फक्त तारीख मागायला आला, न्यायाधीशांनी तारीख नाकारली आणि त्याने "माझ्याकडे पुढे काही सूचना नाहीत" असं सांगितलं, तर ती गैरहजेरीच धरली जाऊ शकते.

सकाळी पुकारा झाला तेव्हा मी आवारातच होतो, पण कोर्ट हॉलमध्ये नव्हतो. आता?

हे फार होतं. माझ्या सुरुवातीच्या वर्षांतला एक म्हातारा शेतकरी अजून डोळ्यांसमोर आहे. पहाटेच्या एस.टी.ने आलेला, दुसऱ्या मजल्यावरच्या कोर्टाबाहेर बसलेला. त्याचं काम बदलून तळमजल्यावरच्या कोर्टाकडे गेलं होतं आणि त्याला कुणी सांगितलं नव्हतं. खाली त्याच्या नावाचा पुकारा झाला, वर तो हातात पिशवी घेऊन बसून राहिला.

अशा वेळी त्याच दिवशी धावा. जेवणाच्या सुट्टीत बेंच क्लार्ककडे रोजनामा, म्हणजे त्या दिवशी कामात काय झालं याची न्यायालयातली नोंद, बघा. काही न्यायाधीश पहिल्या पुकाऱ्याला कुणी नसेल तर काम बाजूला ठेवतात आणि दुपारनंतर पुन्हा पुकारतात. आदेश झालाच असेल, तर संध्याकाळच्या आत अर्ज लिहून, समोरच्या वकिलांना नक्कल देऊन न्यायाधीशांपुढे ठेवा. त्याच दिवशी आलेल्या अर्जात खरेपणा दिसतो. त्या शेतकऱ्याचं अपील चौथ्या दिवशी पूर्ववत झालं. तो महिनाभराने आला असता तर "मी आवारात होतो" हे सिद्ध करताना आमची दमछाक झाली असती.

आम्ही गैरहजर असताना न्यायाधीशांनी पंधरा पानांचा निकाल लिहून अपील फेटाळलं. हे चालतं का?

चालत नाही, आणि हा मुद्दा वकिलांच्याही नजरेतून सुटतो म्हणून जरा थांबून सांगतो.

अपिलार्थी गैरहजर असेल तर न्यायालयापुढे दोन रस्ते असतात : पुढची तारीख देणं, किंवा गैरहजेरीच्या कारणाने अपील काढणं. गैरहजर अपिलार्थीच्या पाठीमागे गुणदोषांत शिरून "अपिलात दम नाही" असं ठरवणं हा तिसरा रस्ता कायद्याने बंद केला आहे. पूर्वी यावर उच्च न्यायालयांत मतभेद होते. १९७६ च्या दुरुस्तीने नियम १७ ला स्पष्टीकरण जोडलं, की या नियमाने गुणदोषांवर अपील फेटाळण्याचा अधिकार मिळतो असं समजू नये. १ फेब्रुवारी १९७७ पासून ते लागू आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये, २०१२ मध्ये आणि पुन्हा नोव्हेंबर २०२३ मध्ये हेच सांगून उच्च न्यायालयांचे असे निकाल रद्द केले आणि अपिलं पुन्हा सुनावणीला पाठवली.

वरवर बघता पक्षकाराला वाटतं, निकाल सविस्तर असला तर बरंच की, निदान कागद वाचले गेले. पण गुणदोषांवरचा निकाल तुमची वाट बंद करतो. गैरहजेरीच्या आदेशानंतर तुम्ही त्याच न्यायालयात जाऊन "माझं कारण ऐका" म्हणू शकता. गुणदोषांवर फेटाळलं की ते दार लागलं, वरच जावं लागतं, आणि जिल्हा न्यायालयाच्या निकालावर दुसरं अपील फक्त कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावरच चालतं. तुमच्या हातातली नक्कल अशी सविस्तर असेल तर ती वकिलांना दाखवताना हा मुद्दा आवर्जून विचारा.

अपील पुन्हा फायलीवर घेण्यासाठी किती दिवस मिळतात?

तीस. मुदत कायदा, १९६३ च्या अनुच्छेद १२२ प्रमाणे अपील काढल्याच्या तारखेपासून ३० दिवस. तुम्हाला कळल्याच्या तारखेपासून नव्हे. माझ्याकडे येणाऱ्यांपैकी सर्वांत जास्त लोक इथेच फसतात. "मला दिवाळीत कळलं, मग दिवाळीपासून महिना" असा हिशेब ते धरतात. उशिरा कळणं हे विलंब माफ करण्याचं कारण होऊ शकतं, पण मुदत त्याने सरकत नाही.

दुसरा फसवा हिशेब नकलेचा. निकालावर अपील करताना नक्कल मिळवायला लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात, ते लोकांना माहीत असतं. पण ती सवलत कलम १२ मध्ये अपील, पुनरीक्षण, पुनर्विलोकन अशा ठरावीक कामांसाठी आहे. काढून टाकलेलं अपील पूर्ववत करण्याचा अर्ज त्यात येत नाही. नक्कल यायची वाट बघत बसू नका. आदेशाची तारीख ऑनलाइन किंवा रोजनाम्यावरून घ्या, अर्ज आधी द्या, नक्कल नंतर जोडा.

मुदतीचा शेवटचा दिवस न्यायालयाच्या सुट्टीत आला, तर न्यायालय उघडेल त्या दिवशी अर्ज चालतो. आदेशाचा दिवस मोजणीत धरत नाहीत.

मुदत टळून गेली. सगळं संपलं?

नाही. मुदत कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज सोबत जोडता येतो. सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्ये जम्मू-काश्मीरच्या भूसंपादन प्रकरणात अवघ्या चार दिवसांच्या उशिरावरून बाद झालेलं अपील परत पाठवलं आणि दिवसादिवसाचा कीस काढू नये असं सांगितलं. १९९८ च्या एका निकालात तर ८८३ दिवसांचा विलंब माफ झाला, कारण पक्षकाराला त्याच्या वकिलाने अंधारात ठेवलं होतं. उशीर किती झाला यापेक्षा त्याचं कारण पटतं की नाही हे बघायचं, असं त्या निकालाचं म्हणणं.

मात्र याच न्यायालयाने २०१३ मध्ये भूसंपादनाच्याच एका प्रकरणात साडेपाच वर्षांचा उशीर माफ करायला नकार दिला. आजारपणाचं कारण होतं, पण ते इतक्या वर्षांना पुरत नव्हतं. उदार धोरण म्हणजे कारण नसलं तरी चालेल असं नाही. अर्जात तारखा लिहा : कधी आजारी पडलो, कधी बरा झालो, कधी कळलं, कळल्यावर कितव्या दिवशी वकिलांकडे गेलो. या शेवटच्या टप्प्यातली दिरंगाई न्यायाधीशांना सर्वांत जास्त खटकते.

"पुरेसं कारण" म्हणजे नेमकं काय चालतं?

आदेश ४१, नियम १९ मधली भाषा पक्षकाराच्या बाजूची आहे. पुरेशा कारणामुळे हजर राहता आलं नाही हे सिद्ध झालं, तर न्यायालयाने अपील पुन्हा फायलीवर घेतलंच पाहिजे. तिथे मर्जीचा प्रश्न राहत नाही. खर्चाची किंवा दुसरी अट घालता येते, एवढंच.

कारण त्या दिवसाचं हवं. त्या तारखेला तुम्ही किंवा तुमचे वकील का नव्हता, याचं उत्तर द्या. आधीच्या पाच तारखांना काय झालं याचे हिशेब समोरची बाजू काढेलच, पण मूळ प्रश्न त्या दिवसाचा असतो. वकील दुसऱ्या कोर्टात साक्ष घेत होते, तारीख डायरीत चुकीची लिहिली गेली, काम एका न्यायालयातून दुसरीकडे वर्ग झालं आणि नोटीस आली नाही, घरात मृत्यू झाला, पुराने रस्ता बंद होता, ही सगळी कारणं पुराव्यानिशी मांडली तर टिकतात. सोबत प्रतिज्ञापत्र लागतं. चूक वकिलांची असेल तर त्यांचंही प्रतिज्ञापत्र जोडावं. त्याने अर्ज निम्मा जिंकल्यासारखा होतो.

आणि कळकळीने सांगतो, खोटं वैद्यकीय प्रमाणपत्र आणू नका. "सगळेच आणतात" असं तुम्हाला आवारात दहा जण सांगतील. उलटतपासणीत डॉक्टरांचं रजिस्टर मागवलं जातं, तारखा जुळत नाहीत, आणि मग ज्या माणसाचं मूळ अपील सच्चं होतं तो प्रतिज्ञापत्रावर खोटं बोलणारा ठरतो. "तारीख विसरलो, माझी चूक झाली, खर्च भरतो" असं सरळ लिहिलेले अर्ज मंजूर होताना मी अनेकदा पाहिले आहेत.

चूक वकिलांची, शिक्षा आम्हाला का?

१९८१ साली सर्वोच्च न्यायालयापुढे नेमका हाच प्रश्न आला. पक्षकाराने वकील दिला, फी दिली, कागद दिले आणि घरी निर्धास्त राहिला. वकील सुनावणीला आलेच नाहीत. न्यायमूर्ती डी. ए. देसाई यांनी लिहिलेल्या निकालाचा आशय असा, की खेड्यातल्या माणसाने वकील नेमल्यावर त्या वकिलाची राखण करावी, अशी अपेक्षा ठेवता येणार नाही. आपल्या नेमलेल्या प्रतिनिधीच्या चुकीने निरपराध माणसावर अन्याय व्हावा हे न्यायालयाला मान्य नव्हतं. अपील पुन्हा फायलीवर घेतलं गेलं आणि खर्च गैरहजर वकिलाकडून वसूल करायला सांगितलं.

हा निकाल प्रत्येक अर्जात येतो. पण १९९३ मध्ये त्याच न्यायालयाने दुसरी बाजूही सांगितली : वकिलाची चूक म्हटलं की प्रत्येक वेळी माफी, असा नियम नाही. तिथे पक्षकार शहरातली कंपनी होती, तिला सगळं कळत होतं आणि तीच चालढकल करत होती. म्हणजे तुम्ही कोण आहात, तुम्हाला काय कळू शकत होतं आणि तुम्ही चौकशी केली का, हे पाहिलं जातं. वकिलांना केलेले फोन, पाठवलेले निरोप, फीच्या पावत्या जपून ठेवा.

वकिलांनी "नो इन्स्ट्रक्शन" पुरशिस (न्यायालयाला दिलेलं लेखी निवेदन) दिली आणि त्याच दिवशी अपील निघालं. मला कुणी कळवलंच नाही.

हे मजबूत कारण आहे. वकील "मला पक्षकाराकडून सूचना नाहीत" म्हणून बाजूला झाले, तर पक्षकाराला कळवून दुसरी व्यवस्था करायची संधी मिळायला हवी, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९८ च्या निकालात म्हटलं आहे. रोजनाम्याची नक्कल काढा. पुरशिसची तारीख आणि आदेशाची तारीख एकच असेल तर ती नक्कलच तुमची बाजू मांडते.

वकिलांचा बहिष्कार होता म्हणून कुणी आलं नाही, हे कारण चालतं?

पूर्वी सहज चालायचं, आता भरवसा ठेवू नका. संप हा वकिलांचा हक्क नाही असं २००२ च्या डिसेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने सांगितलं. त्याआधीच्या एका निकालात बहिष्कारामुळे पक्षकाराला भरावा लागलेला खर्च वकिलावर टाकता येतो असंही म्हटलं आहे. मी स्वतः वकील आहे, तरी मला हे योग्य वाटतं. बहिष्काराच्या दिवशी शक्य असेल तर स्वतः हजर राहा आणि हात जोडून तारीख मागा. पक्षकाराला बोलायची बंदी नाही.

नवीन अपील दाखल करता येईल का? किंवा या आदेशावर दुसरं अपील?

दुसरं अपील नाही. गैरहजेरीत काढल्याचा आदेश हा हुकूमनामा धरला जात नाही, तसं संहितेच्या कलम २(२) मध्येच लिहिलं आहे. नवीन अपिलाचा विचारही सोडा. जिल्हा न्यायालयात अपिलाला ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस असतात, ते केव्हाच उलटलेले असतात. पूर्ववत करण्याचा अर्ज हीच सरळ वाट.

तो अर्जही नामंजूर झाला तर?

त्यावर अपील आहे, आदेश ४३, नियम १(टी) खाली. जिल्हा न्यायालयाने नामंजूर केला असेल तर उच्च न्यायालयात जायचं, मुदत ९० दिवस. तिथल्या निर्णयावर आणखी अपील नाही.

अर्ज मंजूर होऊनही तो हातचा जातो, तेही सांगायला हवं. "पंधरा दिवसांत खर्च जमा केल्यास अपील पूर्ववत" असा आदेश असेल आणि सोळावा दिवस उजाडला, तर पुन्हा मुदतवाढीचा अर्ज करावा लागतो. खर्च त्याच आठवड्यात भरा, पावती फायलीला लावा.

मधल्या काळात समोरच्याने ताबा घेतला. अपील परत आलं तर ताबा परत मिळतो का?

आपोआप नाही. अपील पूर्ववत झालं की आधीची स्थगितीही साधारणपणे जिवंत होते असं मानलं जातं, पण जे घडून गेलं ते त्याने उलटत नाही. म्हणून पूर्ववत करण्याच्या अर्जासोबतच दरखास्तीला स्थगिती मागणारा वेगळा अर्ज द्या, आणि अपील पुन्हा फायलीवर घेतलं जाताना स्थगितीबद्दल स्पष्ट आदेश मागा. पुढे अपील जिंकलात तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४४ खाली ताबा किंवा पैसे परत मागता येतात. त्याला वर्षं लागतात.

आम्ही उत्तरवादी, म्हणजे अपिलातली समोरची बाजू, आहोत. अपिलार्थी आला नाही, आम्हाला काय फायदा?

अपील निघालं की दरखास्त पुढे न्या. अंमलबजावणीची १२ वर्षांची मुदत मूळ हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजणं शहाणपणाचं. गैरहजेरीत अपील निघाल्याने ती नव्याने सुरू होईल या भरवशावर राहू नका. तुम्ही स्वतः क्रॉस ऑब्जेक्शन, म्हणजे निकालातल्या तुमच्या विरुद्ध गेलेल्या भागावर त्याच अपिलात हरकत, दाखल केलं असेल, तर मूळ अपील निघालं तरी तुमचं म्हणणं आदेश ४१, नियम २२(४) प्रमाणे ऐकता येतं. हे तुमच्या वकिलांना त्याच दिवशी न्यायाधीशांना सांगायला लावा, नाहीतर तेही फायलीबरोबर कपाटात जातं.

आणि आम्ही उत्तरवादीच गैरहजर राहिलो तर?

अपील एकतर्फी ऐकलं जातं. एकतर्फी म्हणजे अपिलार्थी आपोआप जिंकला असं नाही, त्याला निकाल चुकीचा असल्याचं दाखवावंच लागतं. विरोधात गेलं तर आदेश ४१, नियम २१ खाली फेरसुनावणी मागता येते, ३० दिवसांत. नोटीस नीट बजावलीच गेली नसेल, तर हे दिवस तुम्हाला कळल्यापासून मोजतात. अपिलार्थ्याला नसलेली सवलत इथे आहे.

वडील अपिलार्थी होते, ते वारले. आता गैरहजेरी कुणाची?

हा विषय गैरहजेरीचा नाही, वारसांचा आहे. मृत्यूपासून ९० दिवसांत वारस रेकॉर्डवर आणा. चुकलं तर अपील संपुष्टात येतं आणि ते संपुष्टात येणं रद्द करून घ्यायला पुढचे ६० दिवस मिळतात. तेराव्यानंतर पहिल्या आठवड्यात वडिलांच्या वकिलांना मृत्यूचा दाखला नेऊन द्या.

फौजदारी अपिलालाही हेच लागू आहे का?

नाही. शिक्षेविरुद्धचं अपील केवळ गैरहजेरीमुळे काढून टाकता येत नाही, कागद पाहून गुणदोषांवरच निकाल द्यावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये हे स्पष्ट केलं. दिवाणीच्या अगदी उलट, म्हणून दोन्हींची गल्लत करू नका.

तारीख चुकू नये म्हणून घरबसल्या काय करता येईल?

प्रत्येक प्रकरणाला सोळा अक्षर-अंकांचा सी.एन.आर. क्रमांक असतो. तो वकिलांकडून मागून घ्या आणि ई-कोर्ट्सच्या मोबाइल ॲपमध्ये टाका. पुढची तारीख, न्यायाधीश, मागचा आदेश सगळं दिसतं. ॲप जमत नसेल तर शेजारच्या कॉलेजातल्या मुलाला दर पंधरा दिवसांनी बघायला सांगा. वकिलांचा राग येईल म्हणून घाबरू नका, चांगल्या वकिलाला असा पक्षकार आवडतो.

उच्च न्यायालयात दुसरं अपील असेल तर ते आता कुठल्या पीठाकडे आहे हेही तपासा. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच (फिरतं पीठ) सुरू झालं आहे, आणि कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या जिल्ह्यांची कामं तिकडे आहेत. मुंबईतल्या वकिलांनी वकीलपत्र घेतलं होतं म्हणून ते कोल्हापुरात उभे राहतीलच असं धरू नका. फोन करून विचारा, आणि ते येणार नसतील तर दुसऱ्या वकिलांचं वकीलपत्र सुनावणीच्या आधी दाखल करा.

वकील द्यायला पैसेच नाहीत.

जिल्हा न्यायालयाच्या आवारात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींतल्या व्यक्ती, अपंग व्यक्ती आणि कारखान्यातले कामगार यांना उत्पन्न कितीही असलं तरी तिथून मोफत वकील मिळू शकतो. इतरांना उत्पन्नाची मर्यादा आहे. जाताना काढून टाकल्याच्या आदेशाची तारीख कागदावर मोठ्या अक्षरात लिहून न्या आणि आज कितवा दिवस आहे ते तिथे पहिल्यांदा सांगा.